उमट: पाचव्या नदीचा दगड ओतताना

आम्ही काही जण कोल्हापुरात राजारामपुरीत रविवारी संध्याकाळी टेबलाभोवती बसून कथा-खेळ खेळतो. फासे, नकाशा आणि गोष्ट चालवणारा एक जण. ते काम माझ्याकडं. जग आमचंच. त्यात उमट नावाचा काळा दगड आहे. त्याला हात लावला की ठसा उमटतो आणि राहतो. म्हणून किल्ल्याच्या दाराला कुलूप उमटीचं, सावकाराच्या गहाणखताला अंगठ्याऐवजी उमट, पंचांसमोर साक्षीलाही उमटच. ती सापडते गुप्त नदीच्या तळाशी. प्रयाग चिखलीच्या संगमावर कासारी, कुंभी, तुळशी आणि भोगावती डोळ्यांना दिसतात, पाचवी सरस्वती गुप्त मानतात. आमच्या जगात ती खरोखर जमिनीखालून वाहते.

कागदावर सगळं छान होतं. खेळताना मात्र ज्यानं त्यानं उमटीचा अर्थ आपापल्या सोयीनं लावला. ठसा किती वेळ टिकतो, एवढ्या एका प्रश्नावर अख्खी संध्याकाळ भांडणात गेली. तेव्हा ठरलं की दगड खरा करायचा, टेबलावर ठेवायचा, आणि तो जे करून दाखवेल तो नियम. कुणाला असलं काही करायचं असेल तर उपयोगी पडेल म्हणून या नोंदी.

६ जानेवारी

पहिला बेत अंधारात चमकणाऱ्या पावडरीचा होता: स्ट्राँशियम ॲल्युमिनेट, हिरवट उजेड देणारी. इपॉक्सी रेझिनमध्ये (हार्डनर मिसळला की घट्ट होणारं पातळ प्लास्टिक) कालवून वाटीत ओतली. सकाळी बघतो तर सगळी पावडर तळाला आणि वर नुसता पारदर्शक थर. ही पावडर रेझिनच्या तिपटीहून जड असते, आणि रेझिन घट्ट व्हायला रात्र घेतं. तेवढ्यात ती खाली बसणारच. थोडं थोडं ओतत थर चढवले असते तर जमलं असतं. पण तो तुकडा अंधारात धरला तर जत्रेतल्या भुताच्या मुखवट्यासारखा दिसला, आणि मुख्य म्हणजे हात लावल्याचं त्याला काही कळत नव्हतं. ६०० रुपये गेले. पावडर शेजारच्या पोरांना पतंगाला लावायला दिली.

१३ जानेवारी

उष्णतेनं रंग बदलणारी पावडर मागवली. काळी, ३१ अंशांची. सूक्ष्म कुप्यांमध्ये रंग भरलेला असतो. ३१ अंशांच्या वर गेला की तो दिसेनासा होतो, गार झाला की परत येतो. तळहात साधारण ३२ ते ३४ अंश असतो, त्यामुळं हात टेकला की तेवढ्या जागेचा काळा रंग जातो. ५० ग्रॅमची पुडी, पोस्टाच्या खर्चासकट ९५० रुपये.

चहाच्या बशीत थोडं रेझिन ओतून बघितलं. खोली २२ अंश. अंगठा टेकवला, उचलला, अंगठा तिथं. मिनिटाच्या आत गेला. सगळ्यांनी आळीपाळीनं हात लावून बघितले आणि आम्हाला वाटलं, झालं काम! जानेवारीत सगळंच चालतं.

दोन गोष्टी तेव्हाच लक्षात आल्या. एक, रंग गेल्यावर खाली जे उरतं ते दुधी प्लास्टिक. दगड वाटतच नाही. दुसरी, माझ्या मावसबहिणीचे हात कायम गारठलेले, तिनं कितीही दाबलं तरी ठसा येईना. पहिल्या गोष्टीवर उपाय शोधायचा होता. दुसरी तशीच जगात घेतली: काही माणसांची उमटीला ओळखच पटत नाही. त्यांना आम्ही 'कोरे' म्हणतो. कोऱ्याची साक्ष पंच घेत नाहीत, सावकार कर्ज देत नाही, आणि कुठल्याही चोरीत पहिला संशय त्याच्यावर. बहिणीनं लगेच कोरी नायिका घेतली आणि आजवर सोडलेली नाही.

२० जानेवारी

काळ्याच्या खाली लाल हवा होता. ठसा उमटावा तर जांभ्या दगडाच्या रंगाचा.

आमच्यातला एक जण तालमीत जातो. तो म्हणाला, आखाड्याची माती आणतो, त्याहून लाल कुठं मिळणार. वस्तादांना विचारायला गेला आणि हात हलवत आला. "माती अंगाला लावून न्यायची, पिशवीत घालून न्हाई," एवढंच ऐकवलं म्हणे. एका अर्थी बरंच झालं. आखाड्याच्या मातीत तेल, ताक, हळद, लिंबू असं बरंच काही मुरवलेलं असतं. तेलकट माती रेझिननं धरली नसती.

शेवटी बांधकामावरून जांभ्याच्या चिऱ्याचे तुटके तुकडे आणले. खलबत्त्यात कुटले, मैद्याच्या चाळणीनं चाळले आणि तव्यावर भाजून घेतले. हे भाजणं टाळू नका. जांभा सच्छिद्र, ओल धरून बसतो, आणि ती ओल रेझिनमध्ये गेली की तुकडा चिकट राहतो. खलबत्ता घरचा वापरू नका, हेही सांगून ठेवतो. आमच्याकडं आता दोन आहेत.

२८ जानेवारी

साच्यासाठी मूळ नमुना हवा होता. उद्यमनगरात एका पॅटर्न मेकर, म्हणजे ओतकामाचे लाकडी नमुने करणाऱ्या, मिस्त्रीमामांकडं गेलो. कागदावर चित्र: ८० मिलिमीटर व्यासाची चकती, कडा नदीत घासल्यासारखी गोलसर, जाडी २० मिलिमीटर. ही चकती पितळी कड्यात बसवायची, म्हणजे दाराचं कुलूप दिसेल.

मामांनी कागद उलटासुलटा करून बघितला. "बीड वतायचंय का पितळ?" बीड म्हणजे ओतीव लोखंड.

म्हटलं, काहीच नाही, रेझिन.

"मग मशिनला कुठं लागतंय ह्ये?"

लागत नाही, खेळायला आहे, म्हटल्यावर त्यांनी चष्मा काढून माझ्याकडं बघितलं. पण सागवानाचा नमुना असा सुरेख करून दिला की त्यावरून बोट फिरवत बसावं. कडेला त्यांनी हलका उतार दिला होता. वाळूतून पॅटर्न सुटायला तो लागतो. सिलिकॉनच्या साच्याला लागत नाही, पण दिसायला शोभला. १२०० रुपये.

९ फेब्रुवारी

सिलिकॉनचा साचा झाला (१ किलो, ११०० रुपये). सागवानाला आधी लाखेच्या पॉलिशचे हात मारून भोकं बुजवली, वर व्हॅसलिन. साचा अलगद सुटला.

ओतणं मात्र सरळ गेलं नाही. पहिला तुकडा आठवडाभर ठेवूनही नखानं दाबला जात होता. रेझिन आणि हार्डनरचं २:१ प्रमाण बाटलीवर वजनानं दिलेलं होतं आणि मापं घेतली होती कपानं. काटा घ्या. स्वयंपाकघरातला साधा चालतो.

दुसऱ्या खेपेला घाई म्हणून लवकर घट्ट होणारा हार्डनर घेतला आणि २० मिलिमीटरची पूर्ण जाडी एकदम ओतली. रेझिन घट्ट होताना स्वतःच तापतं, आणि जितका गोळा मोठा तितकी आतली उष्णता बाहेर पडायला वाट कमी. साच्याला हात लाववेना इतका तापला आणि मधोमध टिचकन तडा गेला. तो तुकडा मी टाकला नाही. फुटक्या उमटीचा उपयोग पुढं झाला.

जे जमलं ते असं: सावकाश घट्ट होणारा हार्डनर, दोन थर, प्रत्येक १० मिलिमीटर. रेझिनच्या वजनाच्या ४ टक्के काळी पावडर, २० टक्के जांभा. आधी जांभा घालून चांगलं ढवळायचं, बुडबुडे बसू द्यायचे, आणि काळी पावडर सगळ्यात शेवटी, हलक्या हातानं. साधनं पुसायला ॲसिटोन चालतं, पण पावडरीच्या जवळपास नको; त्यानं रंगाच्या कुप्या फुटतात आणि मग हात लावा नाहीतर डोकं आपटा, काही होत नाही.

१७ फेब्रुवारी

पितळी कडं लेथवर करून आणलं, आतला व्यास ८० ला जेमतेम मोकळा. चकती आत जाईना. पुन्हा मोजली तर ८०.८.

कडं करणाऱ्यानं नमुना कुणाचा विचारला आणि हसायलाच लागला. पॅटर्न मेकरची पट्टीच वेगळी असते. ओतलेलं बीड थंड होताना साधारण १ टक्का आटतं, म्हणून त्यांच्या पट्टीवरचा इंच मुळातच तेवढा मोठा. मामांचा हात सवयीनं त्याच पट्टीकडं गेला. रेझिन इतकं आटत नाही.

कडं पुन्हा करायचं किंवा चकती घासायची. पाण्यातला पॉलिशपेपर घेऊन कड घासली, मग सगळीकडं एकसारखं दिसावं म्हणून वरचा भागही. चकाकी गेली, आणि प्लास्टिकपणाही गेला! आता तो पाण्यातून काढलेला दगड दिसत होता. तेव्हापासून प्रत्येक तुकडा ४०० नंबरच्या पेपरनं घासतो. मामांना दाखवायला नेला तर त्यांनी अंगठा टेकवला, लाल ठसा बघितला, आणि शेजारच्या दुकानातल्या दोघांना हाक मारली.

२३ फेब्रुवारी

पहिल्यांदा खेळात वापरला. प्रसंग असा: सरदाराच्या धान्यकोठीचं दार, दाराला उमटीचं कुलूप. कुलपावर सरदाराचा पंजा असेल तरच उघडायचं.

कायद्याचा अभ्यास करणारा आमचा एक मित्र तस्कराची भूमिका करतो. तो उठून आत गेला. ज्यांच्या घरी खेळतो त्या काकू भाकऱ्या थापत होत्या. "काकू, एक जरा पंजासारखी थापता का?"

"खाणार असशील तर थापते."

तव्यावरून उतरलेली पाच बोटांची भाकरी घेऊन तो बाहेर आला, जरा निवू दिली आणि तुकड्यावर ठेवली. उचलली तर लालभडक पंजा, कुणाही माणसाच्या ठशाहून ठसठशीत.

मी म्हटलं, चालणार नाही, उमट माणूस ओळखते. तो म्हणाला, "दगड दाखवेल तो नियम, हे कुणी ठरवलं?" सगळे त्याच्या बाजूनं. दार उघडलं. भाकरी त्यानं खाल्ली.

मला हे आधी लागलं. वर्षभर लिहिलेल्या जगाचा पायाच होता की उमट खोटं बोलत नाही. पण रात्री बसून लिहायला लागलो तेव्हा कळलं, खोटं बोलणारी उमट जास्त कामाची आहे. तिला ऊब कळते, माणूस कळत नाही. मग पिठाचे पंजे करून देणारे कारागीर आले, त्यांचा छुपा बाजार आला. पहारेकरी कुलूप हुंगून बघू लागले, पिठाचा वास येतो का म्हणून. पंचांनी एका ठशाला दोन डोळस साक्षीदार लावले. आणि न्यायसभेत ओलं फडकं आणायला बंदी आली, कारण ओल्या फडक्यानं पुसलं की दगड गार होऊन ठसा जातो. हेही टेबलावर करून बघितलंय.

८ मार्च

आज सकाळी नऊच्या सुमाराला तुकड्यावर हात टेकवला आणि कामाला गेलो. संध्याकाळी परत आलो तर पंजा तिथंच. बोटाच्या रेषासुद्धा. पावडर बिघडली असं वाटून ओल्या फडक्यानं पुसलं, तर काळा व्यवस्थित परत आला.

थर्मामीटर लावून बसलो तेव्हा उलगडा झाला. रंग जातो ३१ अंशांना, पण परत यायला तापमान तेवढ्यावर उतरून भागत नाही. माझ्या पुडीला २७ च्या आसपास यावं लागतं. मधल्या पट्ट्यात जे जसं आहे ते तसंच राहतं. बंद खोली दिवसभर २८-२९ वर होती. जानेवारीत खोली २२ ला, म्हणून ठसा लगेच जायचा.

जादूचा दगड मला सापडला तो आज. उमट बारा महिने सारखी नसतेच. थंडीत ती विसरभोळी, फाल्गुनात तिची आठवण पक्की. मग आमच्या जगात न्यायसभा फाल्गुनातच भरते, वर्षाचे खटले तुंबून राहतात, आणि ज्याला पुरावा नको असतो तो खटला पौषात उभा करायला बघतो. भांडण मिटलं. ठसा किती टिकतो? महिना कोणता ते सांगा.

१६ मार्च

तुकडा घेऊन पन्हाळ्याला गेलो. अंबरखान्याच्या तीन कोठ्या आहेत, गंगा, यमुना आणि सरस्वती. माझ्या खेळातली धान्यकोठी यांच्यावरूनच घेतलेली, म्हणून तिथं बघायचं होतं.

दुपारी दीड वाजता बाहेर ३४ अंश. गाडीच्या डिकीतून तुकडा काढला तेव्हा तो पूर्ण लाल, कोरा, जांभ्याचा ठोकळा. गंगा कोठीत शिरलो. भिंती एवढ्या जाड की पाचसहा पावलांत हवा बदलते. थर्मामीटर खाली येत २६ वर थांबला. तुकडा भिंतीच्या कडेला दगडावर ठेवला. आधी कडेनं काळी रेघ धरली, मग काळा रंग आत सरकत गेला, मधला शेवटचा लाल ठिपका रुपयाएवढा राहिला आणि तोही गेला. सहलीला आलेली शाळेची पोरं गोळा झाली होती. "काका, ह्यात बॅटरी हाय का?" एकानं विचारलं. त्याचा हात टेकवून घेतला.

परत येताना बसून हिशेब केला. ठसा घ्यायच्या आधी दगड कोरा काळा करावा लागतो, आणि चैत्र-वैशाखात तो फक्त अशा गार कोठीत होतो. म्हणजे ज्याच्या ताब्यात किल्ला, त्याच्याच ताब्यात कोऱ्या उमटी. खाणीत कितीही दगड निघू दे, उन्हाळ्यात भाव किल्लेदार ठरवणार. आधी मी उमटीचा भाव १० होन असा सरळ लिहून ठेवला होता. तो खोडला.

२३ मार्च

उलटा प्रश्न थंडीचा. फाल्गुनात घेतलेली साक्ष पुढच्या पौषापर्यंत जपायची तर दगड २७ च्या खाली जाऊ द्यायचा नाही आणि ३१ च्या वरही. गावात अशी जागा कुठली?

उत्तर मिळालं गुऱ्हाळावर. हंगाम संपत आलेला, करवीर तालुक्यातल्या एका ओळखीच्या गुऱ्हाळघरी गेलो. काहिलीत रस उकळत होता, भेंडीच्या चिकानं वर आलेली मळी काढून टाकली जात होती. गुळव्या कशालाही मोजमाप लावत नाही. गार पाण्यात थेंब सोडतो, बोटांत वळतो, आणि काहील उतरवायची हाक देतो. त्याला म्हटलं, चुलाणाच्या (काहिलीखालच्या मोठ्या चुलीच्या) मागची खोली कायम एका तापमानाला राहते का? "राखली तर ऱ्हाती," तो म्हणाला. "जाळ कमीजास्त झाला तर गूळच बिघडतोय, खोलीचं काय घिऊन बसलाय."

ऊस थंडीत गाळला जातो, म्हणजे उबेची गरज असते तेव्हाच गुऱ्हाळ पेटलेलं असतं. आमच्या जगात आता गावाचं दप्तर चुलाणामागच्या खोलीत असतं आणि गुळव्याच दप्तरदार. जाळ एक घटका जास्त झाला तर गावाचे सगळे करार पुसले जातात. कर्जबाजारी शेतकऱ्यांचं पहिलं बंड आमच्या खेळात तलवारीनं झालं नाही, जास्तीच्या चार पेंढ्या चिपाडानं झालं.

४ एप्रिल

दुपारी चारला खेळायला बसलो, ३७ अंश. टेबलावरचे सगळे तुकडे लाल. कोणाचाच ठसा उमटेना, उमटणार कसा?

जास्त तापमानाची पावडर घ्यावी का, हे बघितलं. ३८ च्या पुढची घेतली तर तळहाताला दादच देणार नाही. हाताला ओळखणारा आणि कोल्हापूरचा एप्रिल सोसणारा, असा एकच तुकडा होत नाही. हे आधी समजलं असतं तर एक पुडी वाचली असती.

उपाय जुनाच: माठ. तळाला ओली वाळू, त्यात तुकडे, वर ओलं फडकं, माठ वाऱ्याच्या वाटेला. हवा कोरडी होती म्हणून वाळू २६ पर्यंत उतरली. तुकडे बंद पिशवीत घालून ठेवा, नाहीतर बाहेर काढल्यावर पुसत बसावं लागतं. माठातून काढलेला तुकडा टेबलावर जेमतेम दीड-दोन मिनिटं काळा राहतो. आम्ही तेच घड्याळ केलं. उमट बाहेर काढली की ती लाल व्हायच्या आत चाल सांगायची. लांबण लावणाऱ्यांची सोय लागली.

२७ एप्रिल

खिडकीच्या गजाशी एक तुकडा काही आठवडे राहून गेला होता. रंग करडा पडलाय, माठात घातला तरी काळा होत नाही, हाताला ओळखत नाही. ऊन या रंगाला मारतं. लाख वगैरे लावून टिकाव वाढतो असं वाटलं होतं, फारसा फरक पडला नाही. अंधारातच ठेवा.

नियम झाला: उन्हात राहिलेली उमट मरते, परत जिवंत होत नाही. याच सुमाराला आमच्यातल्या एकानं सगळी उमट विकत घेऊन साठा केला होता आणि भाव पाडत-चढवत सगळ्यांना छळत होता. पुढच्या रविवारी कोऱ्या नायिकेनं त्याच्या तांड्यावरच्या ताडपत्र्या रात्रीत कापल्या. पहाटेनं पुढचं काम केलं. तो अजून तिच्याशी नीट बोलत नाही, खेळाबाहेरसुद्धा.

तुकड्यांसाठी चामड्याची पिशवी चप्पल लाईनीतल्या एका कारागिराकडून उरल्यासुरल्या कातड्याची करून घेतली. ३०० रुपये. बाभळीची साल आणि हिरड्यात कमावलेलं कातडं, वास महिनाभर गेला नाही. तस्करानं त्याचाही उपयोग केला: पहारेकऱ्याला पिठाचा वास येऊ नये म्हणून भाकरी त्याच पिशवीत.

मे महिन्यात खेळ बंद. निम्मे गावाला, निम्मे लग्नांत.

२२ जून

पाऊस लागला, खोली २६ वर आली, माठ कोपऱ्यात गेला. उमट पुन्हा विसरभोळी.

पुराचा नियम लिहायचा होता. आकडे शोधावे लागले नाहीत. पंचगंगेवरच्या राजाराम बंधाऱ्यावर ३९ फूट म्हणजे इशारा, ४३ म्हणजे धोका, हे इथं शाळकरी पोरालाही पाठ. मी लिहिलं: पाणी ३९ वर गेलं की गुप्त नदी वर येते, गाळात उमट सापडू लागते, ४३ च्या वर दुप्पट.

वाचून दाखवलं. एक मित्र गप्प बसला. २०१९ ला पाणी ५५ फुटांच्या वर गेलं तेव्हा त्याचं घर पहिल्या मजल्यापर्यंत बुडालेलं. थोड्या वेळानं म्हणाला, "लेका, आमच्या घरात गाळ आला तेव्हा कोण खजिना हुडकत आलं असतं तर मी त्याला काठीनं हाणला असता."

नियम बदलला आणि बदललेला बराच चांगला आहे. ३९ ला खाणीतली माणसं वर काढायची. ४३ ला सगळ्यांच्या चाली थांबतात. फासे पडतात ते फक्त होड्यांसाठी आणि जनावरं सोडवण्यासाठी. पाणी ओसरल्यावर ज्याच्या घरात गाळ, त्याचीच त्यातली उमट, आणि ती किल्लेदारानं कोरी करून द्यायची, फुकट. फेब्रुवारीतला तडा गेलेला तुकडा अशा वेळी काढतो. पुरातली उमट म्हणून तो ज्याला मिळतो, त्याच्या ठशाच्या मधून एक भेग जाते.

१३ जुलै

दुसऱ्या गटानं संच मागितला म्हणून पावसात ओतायला घेतलं. दुसऱ्या दिवशी वरचा पृष्ठभाग ढगाळ आणि मेणचट. दमट हवेत इपॉक्सीच्या हार्डनरचं असं होतं. प्रमाण चुकलं असं समजून पहिला तुकडा फेकला, त्याची गरज नव्हती. कोमट पाणी आणि भांड्याच्या साबणानं तो मेणचट थर निघतो, मग घासायचं. पहिला थर साफ न करता त्यावर दुसरा ओतला तर मात्र दोन्ही धरत नाहीत. पितळी कड्यात दाबताना आमच्या एका चकतीचं झाकण निघाल्यासारखं झालं.

आता लाकडी खोक्यात ६० वॅटचा पिवळा बल्ब लावून त्यात साचा ठेवतो. साच्यावर बल्बचा उजेड थेट पडू नये म्हणून मध्ये पत्रा. खोकं तासभर आधी तापवून कोरडं करायचं, मगच ओतायचं. थर ढगाळ व्हायचे थांबले.

आतापर्यंतचा खर्च: चमकणारी पावडर ६००, काळ्या पावडरीच्या दोन पुड्या १९००, रेझिन १७००, सिलिकॉन ११००, नमुना १२००, पितळी कडं ६५०, पिशवी ३००, पॉलिशपेपर, काटा, बल्ब मिळून ५५०. आठ हजार झाले, त्यात नवीन खलबत्ता धरलेला नाही. पुन्हा करायचं झालं तर चमकणारी पावडर आणि दुसरी पुडी वाचेल, नमुना शाडूचा चालेल. पण मामांच्या सागवानी नमुन्यासारखी कड शाडूला येणार नाही, त्यामुळं ते १२०० मी पुन्हाही खर्च करीन.

दुसऱ्या गटाला चार चकत्या, माठाचा तापमान-तक्ता आणि नियमांची प्रत दिली. ते इचलकरंजीला एका यंत्रमागाच्या शेडवर खेळतात, पत्र्याखाली. त्यांचा फाल्गुन कधी सुरू होतो ते थर्मामीटर लावून त्यांनीच कळवायचं आहे.